तारो म्हणजे थोरला

‘तारो’ लिहायचं आणि ‘मायकल’ वाचायचं, हे जपानमध्ये आता चालत नाही. ‘जॉर्ज’ वाचलेलं चालत नाही, आणि ‘जिरो’ही नाही. ही उदाहरणं कुणा विनोदी लेखकाची नाहीत. नावांच्या वाचनाचा नवा नियम समजावताना इथल्या, म्हणजे जपानच्या, न्याय मंत्रालयानेच ती दिली आहेत. 26 मे 2025 पासून कोसेकीत, म्हणजे कुटुंबनोंदीच्या सरकारी दप्तरात, प्रत्येक नावाशेजारी त्याचा उच्चार काना या जपानी उच्चारलिपीत नोंदवावा लागतो, आणि तो उच्चार त्या अक्षरांना सर्वसाधारणपणे मान्य असलेला लागतो. त्याआधी दीडशे वर्षं कोसेकीत नुसती चिनी वळणाची अक्षरं होती, आणि त्यांवरून नेमका उच्चार कळत नाही. ती कशी वाचायची हे घरच्यांनी सांगायचं आणि जगाने ऐकायचं.

असली बातमी महाराष्ट्रात पोचली की ठरलेला सूर निघतो: ‘बघा, जपानी माणूस परंपरा कशी जपतो! नाहीतर आपल्याकडे विहान, कियांश आणि रियांश.’ दुसरा वाद आईच्या नावाचा. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा क्रम महाराष्ट्र सरकारने ठरवला. काहींच्या मते हे फार उशिरा झालं, काहींच्या मते घराण्याची रीत मोडली. दोन्ही वादांत जपानला साक्षीला उभं करण्याआधी तारो या एका नावाची कुळकथा पाहून घ्यावी. साक्ष उलटण्याची शक्यता बरीच आहे.

तारोत अक्षरं दोन. पहिलं ‘ता’, म्हणजे मोठा, थोर. चार फटकारे: एक आडवा, एक डावीकडे उतरणारा, एक उजवीकडे, आणि पायाशी एक टिंब. सगळं त्या टिंबात आहे. तेच उचलून उजव्या खांद्यावर ठेवलं की अक्षराचा अर्थ ‘कुत्रा’ होतो, आणि शाळकरी पोरांच्या वहीत असे कुत्रे पुष्कळ सापडतात. दुसरं अक्षर ‘रो’, म्हणजे मुलगा, तरुण पुरुष. नऊ फटकारे; जुन्या वळणात दहा. मिळून अर्थ झाला थोरला मुलगा.

म्हणजे मुळात हे नाव नव्हेच, घरातला क्रमांक आहे. पुढचे जिरो, साबुरो, शिरो, गोरो, रोकुरो, शिचिरो, हाचिरो, कुरो, जूरो हे दुसऱ्यापासून दहाव्यापर्यंतचे मुलगे. मिनामोतो घराण्याचा प्रसिद्ध योद्धा योशित्सुने याला ‘कुरो’ म्हणत, कारण तो बापाचा नववा मुलगा. अकराव्याचं काय? दहाच्या वर एक, म्हणून ‘योइचि’. दहाच्या पुढेही पोरं होणार हे गृहीत धरून पद्धत आखलेली होती. थोरल्याच्या थोरल्याला ‘कोतारो’, धाकटा तारो. ही सवय इतकी मुरली की नद्यासुद्धा भावंडांत बसवल्या. तोने नदी म्हणजे बांदोचा तारो, चिकुगो म्हणजे त्सुकुशीचा जिरो, योशिनो म्हणजे शिकोकूचा साबुरो.

अशी क्रमांकाची नावं चालत होती, कारण ती खरी नावं नव्हती. सरदार घराण्यातल्या पुरुषाला दोन नावं असत. एक ‘इमिना’, कागदोपत्रीचं, मानाचं, तोंडाने सहसा न घ्यायचं. दुसरं हाकेचं. अकराव्या शतकातला योशिइए हा सेनानी इवाशिमिझु हाचिमान देवस्थानात वयात येण्याचा संस्कार झाल्यामुळे ‘हाचिमान तारो’ म्हणून ओळखला गेला. त्याचे धाकटे भाऊ कामो जिरो आणि शिन्रा साबुरो. देवस्थानं वेगळी, क्रमांक पुढचे. मराठी वाचकाला हे परकं वाटायचं कारण नाही. बाळाजी बाजीराव हे नाव किती जणांना चटकन आठवतं, आणि नानासाहेब पेशवे किती जणांना? सदाशिवराव हे भाऊसाहेब, बाळाजी जनार्दन हे नाना फडणवीस, आणि केशव गंगाधर टिळक जन्मभर बाळ. दादा, अण्णा, आप्पा, तात्या ही आपली हाकेची नावं नात्यातली जागा सांगतात, व्यक्तीबद्दल काहीच सांगत नाहीत. फरक एवढाच, की आपण ती दप्तरात जाऊ दिली नाहीत.

जपानने जाऊ दिली. 1872 साली मेइजी सरकारने फर्मान काढलं की एका माणसाला एकच नाव. मानाचं किंवा हाकेचं, दोहोंपैकी एक निवडा. अशी हाकेची नावं कागदावर चढली. 1898 च्या नागरी कायद्याने घराचं प्रमुखपद आणि मालमत्ता सर्वसाधारणपणे थोरल्या मुलाकडे दिली, त्यामुळे नावातला आकडा पैशाचाही झाला. तारोच्या वाट्याला घर, शेत आणि म्हातारे आईबाप. जिरोने शहर गाठायचं, नाहीतर मुलगा नसलेल्या घरात दत्तक जायचं. 1947 मध्ये ही घरव्यवस्था कायद्यातून गेली, वारसा औरस मुलांत सारखा झाला. त्यानंतर पोराच्या कपाळावर क्रमांक कोरण्याची निकड कुणाला उरणार?

आकड्यांची गंमत मात्र चालू राहिली. 1912 मध्ये नव्या सम्राटाबरोबर ताइशो युग सुरू झालं तेव्हा पहिल्या वर्षी त्या युगाच्या नावातलं एक अक्षर आणि पुढे ‘एक’, दुसऱ्या वर्षी ‘दोन’, तिसऱ्या वर्षी ‘तीन’ अशी नावं मुलग्यांत आघाडीवर होती. पुढच्या शोवा युगाच्या आरंभी तेच पुन्हा झालं. त्यामुळे ‘नावात दोन, म्हणजे धाकटा’ असं समजून चालायचं नाही. तो शोवाच्या दुसऱ्या वर्षाचा थोरलाही असेल. बेसबॉलपटू इचिरो सुझुकी तर घरातला दुसरा मुलगा. शिवाय त्याच्या नावातला ‘रो’ हा मुलगा या अर्थाचा नाहीच. डावी बाजू तीच, पण उजवीकडे चंद्राचं अक्षर जोडलेलं. अर्थ उजळ, प्रसन्न. याउलट माजी पंतप्रधान कोइझुमी यांच्या घरी हिशेब चोख आहे: थोरला कोतारो अभिनेता, त्यानंतरचा शिन्जिरो राजकारणात.

आज तारो कुठे भेटतो? आसो तारो 2008-09 मध्ये पंतप्रधान होते, कोनो तारो मंत्री होते, ओसाकाच्या 1970 च्या जागतिक प्रदर्शनातला ‘सूर्याचा मनोरा’ ओकामोतो तारो या कलावंताचा. पण सगळ्यात हमखास भेटतो तो बँकेत किंवा नगरपालिकेत, नमुना म्हणून भरून ठेवलेल्या अर्जावर: यामादा तारो. शेजारी बाईसाठी यामादा हानाको. परंपरा जपली ती अशी. आजचे आईबाप मुलाला हारुतो, रेन, मिनातो म्हणतात. ऊन, कमळ, बंदर. बेसबॉलपटू ओहतानी शोहेइचं नावही याच वळणाचं: ‘शो’ म्हणजे भरारी, योशित्सुनेच्या उड्यांवरून, ‘हेइ’ हे घराजवळच्या हिराइझुमी गावाच्या नावातलं; तिथे तेच अक्षर ‘हिरा’ वाचतात. त्यात कुणाचा कितवा हे कुठेच नाही.

म्हणून पांडुरंग, दत्तात्रय मागे पडले याचं दुःख करताना नेमकं काय गेलं ते तपासावं. देवाचं नाव गेलं की आजोबांचं नाव नातवाला देण्याची सक्ती गेली? मधलं वडिलांचं नाव हेही तारोसारखंच घरातली जागा सांगणारं होतं. ती जागा खरं तर दोघांची आहे, मग कागदावर दोघांची नावं आली तर मोडलं काय? या बाबतीत जपानने महाराष्ट्राला शिकवावं अशी त्याची स्थिती नाही. इथे लग्नानंतर नवरा-बायकोला कायद्याने एकच आडनाव घ्यावं लागतं, बहुतेक वेळा ते नवऱ्याचं असतं, आणि सर्वोच्च न्यायालयाने 2015 आणि 2021 मध्ये हा नियम कायम ठेवला.

जुन्या नावांत सगळंच हळवं व्हावं असंही नव्हतं. सोळाव्या शतकातला सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशी याने एका मुलाचं नाव ‘सुते’ ठेवलं, म्हणजे टाकलेला. तो लहानपणी गेला. 1593 मध्ये झालेल्या पुढच्याचं नाव ‘हिरोइ’, उचललेला. टाकून दिलेलं मूल वाईट नजरेला दिसत नाही, हा त्यामागचा विचार. केरबा, धोंडू, दगडू ही नावं माहीत असणाऱ्याला यावर टीप लागणार नाही. आणि मुली नको झाल्या की इथे ‘तोमे’, म्हणजे थांब, किंवा ‘सुए’, म्हणजे शेवटची. साताऱ्यात 2011 मध्ये 285 ‘नकुशा’ मुलींना समारंभाने नवी नावं द्यावी लागली होती, ते आठवतं.

मग जपानकडून घ्यावं काय? मुलांच्या नावांची अक्षरं इथे यादीतूनच निवडावी लागतात: नेहमीच्या वापरातली 2136 आणि नावांसाठी जादा 860 च्या वर, शिवाय दोन्ही काना, म्हणजे हिरागाना आणि काताकाना. यादीबाहेरचं अक्षर असेल तर नोंद होत नाही. पण यादी अभिरुची सांभाळत नाही. 1993 मध्ये टोकियो महानगरातल्या अकिशिमा शहरात एका बापाने मुलाचं नाव ‘आकुमा’, म्हणजे सैतान, असं नोंदवायला दिलं. दोन्ही अक्षरं नित्य वापराच्या यादीतली. कचेरीने आधी घेतलं, मग अडवलं, प्रकरण कौटुंबिक न्यायालयात गेलं आणि शेवटी दुसरं नाव ठेवलं गेलं. 2004 मध्ये यादी वाढवताना पहिल्या मसुद्यात विष्ठा, प्रेत, कर्करोग यांची अक्षरंही होती. लोक ओरडल्यावर ती काढली. सरकारी समितीला चव असेल अशा भरवशावर राहू नये. तेव्हा ‘विचित्र नावांवर बंदी घाला’ म्हणणाऱ्यांनी ही यादी मागू नये.

वाचनाचा नवा नियम मात्र मागण्यासारखा आहे. तो नाव ठरवत नाही, एका नावाचं एकच रूप ठरवतो. आपल्याकडे ज्ञानेश्वर रोमनमध्ये कुठे ‘डी’ने सुरू होतो, कुठे ‘जे’ने, कुठे ‘जी’ने, जन्मदाखल्यावर एक, दहावीच्या प्रमाणपत्रावर दुसरं, पासपोर्टवर तिसरं. वर अंकशास्त्राने एखादा ‘ए’ वाढवलेला असतो. हा रोग इथेही आहे, इथले लोक फटकारे मोजतात: तारो नव्या वळणाने तेरा, जुन्याने चौदा. कुठलं वळण धरायचं यावर ज्योतिष्यांत एकमत नाही, म्हणजे दोन्हीकडे धंदा चालतो. पण जपानमध्ये त्या हिशेबाने कागदपत्रांतला उच्चार बदलत नाही. जन्मदाखल्यावरचं देवनागरी रूप पायाभूत मानावं आणि रोमन रूप त्यावरून एका ठरीव तक्त्याने काढावं, एवढा नियम महाराष्ट्राला पुरेल. तक्त्यातही खड्डे असतात हे धरून चालावं. जपानी पासपोर्टवर दीर्घ ओ गाळतात, त्यामुळे ‘मोठं रान’ अर्थाचं ओओनो आणि ‘छोटं रान’ अर्थाचं ओनो ही दोन आडनावं एकसारखी छापली जातात. त्यावर उतारा म्हणून ‘ओ’नंतर ‘एच’ घालायची परवानगी मागता येते.

इथे मूल होणाऱ्या मराठी घरांना हे सगळं पहिल्या दोन आठवड्यांतच भेटतं. जन्माची नोंद जन्मदिवस धरून 14 दिवसांत नगरपालिकेत करायची. अर्जाचा अर्धा भाग डॉक्टर भरतात. आई-बाप दोघेही भारतीय असतील तर मूल कोसेकीत जात नाही, त्याचं नाव काताकानात लिहायचं आणि सोबत रोमन रूप द्यायचं. साठ दिवसांहून जास्त राहायचं तर 30 दिवसांत निवासपरवान्यासाठी अर्ज. भारतीय दूतावासातली नोंद वर्षाच्या आत. जपानी अर्जात मधल्या नावाला रकाना नसतो. वडिलांचं नाव पासपोर्टवर नावाच्या रकान्यात असेल तर ते मुलाच्या नावाचाच भाग ठरतं आणि दवाखान्यात पुकारा तिन्हींचा होतो. नव्या पद्धतीने आईचंही नाव पासपोर्टवर घातलं तर चौघांचा. अडचण वाटत असेल तर ते पासपोर्टचा अर्ज भरतानाच ठरवावं, इथे येऊन नव्हे.

काताकाना लिहिताना घाई नको, कारण बँक, शाळा, विमा सगळे पहिल्या कागदावरून उतरवून घेतात, आणि खातेदाराचं काताकाना जुळलं नाही तर पैसे परत जातात. ‘ल’ आणि ‘र’ एकच होणार, ‘ळ’ची आशा सोडावी, ‘व’चा कुठे ‘ब’ होईल. त्याहून फसवा आहे आपला ‘ओ’, जो देवनागरीत ऱ्हस्व-दीर्घ दाखवतच नाही. जोशींनी तो आखूड लिहिला तर ऐकणाऱ्याला ‘जोशि’ म्हणजे मुली, बायका असं वाटतं; लांबवणारी आडवी रेघ दिली तर ‘जोओशि’, म्हणजे कचेरीतला वरिष्ठ. रेघ द्यावी.