बटाटा भाजीत घाला, होल्डरात नको

फोंड्याच्या आत्याने तोच फॉरवर्ड काल तिसऱ्यांदा पाठवला. ओव्हनचा बल्ब महाग, म्हणून त्याच आट्यांचा एलईडी लावा, वीजही वाचेल. बदलताना दिव्याचं बटण बंद केलं की पुरे. काच फुटून टोपी अडकली तर अर्धा बटाटा खुपसून फिरवा. नव्या बल्बला हात लावू नका. खाली आत्याची ओळ: "चवथीच्या नानकट्या करायच्यात, बल्ब बदलूनच घेते."

आधी बटाटा. ओल्या बटाट्यातून वीज वाहते. होल्डरात करंट असेल तर तो बटाट्यातून थेट हातात. आणि बटण बंद केल्याने करंट गेला असं कोण म्हणतं? वायरमनने फेज आणि न्यूट्रल उलटे जोडले असतील तर बटण न्यूट्रलच तोडतं, दिवा विझतो आणि होल्डर जिवंत राहतो. आत्याचा उपाय तर याहून थोर: "पावसात लाईट जाते, तेव्हाच बदलीन." अगं, ती येते कधी हे सांगून येते का? प्लग भिंतीतून काढ, प्लग नसेल तर एमसीबी पाड. ओव्हन थंड होऊ दे. मग कोरड्या हाताने, पक्कडीने टोपीची कड धरून डावीकडे फिरव. आपल्या खाऱ्या हवेत टोपी गंजून घट्ट बसते, म्हणून जपून.

एलईडीचे आटे जुळतात, हे खरं. फ्रिजच्या बल्बचेही जुळतात! पण ओव्हनच्या बल्बवर ३०० अंश छापलेलं असतं ते उगाच नाही. एलईडीच्या पोटात सर्किट आणि प्लास्टिक असतं. सर्किटचे सांधे जोडायला वापरतात ते कथील-शिशाचं सोल्डर १८३ अंशांनाच वितळतं. युरोपीय संघाने २००९ साली घरगुती तारेचे बल्ब टप्प्याटप्प्याने बंद करायचा नियम केला, त्यातूनही असे खास कामाचे बल्ब वगळले होते. आणि वीज वाचवायची? ओव्हनची कॉइल हजार-दोन हजार वॉट ओढते, बल्ब १५ किंवा २५.

हात न लावण्याचं म्हणणं हॅलोजनपुरतं बरोबर, मान्य. बोटांचं तेल लागलेली जागा जास्त तापते आणि काच तडकते. साध्या तारेच्या बल्बला लागलाच हात तर कोरड्या फडक्याने पुसा. वरची काचेची वाटी मात्र परत बसवा.

आत्या, बल्ब मी रविवारी घेऊन येतो. तोवर काळोखातच भाज, नानकटई झाली की वासावरून तुला कळतंच.