बत्तीस बिटांचा कारभारी

इंदुरातल्या मराठी घरांत फोनमध्ये माणसांची नावे क्वचितच लिहिली जातात. लिहिली जातात ती नाती, आणि त्यांच्या आधी गाव किंवा मोहल्ला. माझ्या फोनमध्ये ‘धारची माई’ आहे, ‘देवासचे नाना’ आहेत, ‘ग्वाल्हेरच्या धाकट्या काकू’ आहेत आणि ‘रामबागवाल्या आत्या’ तर आहेतच. यांतल्या बहुतेकांची खरी नावे मला लग्नपत्रिकांतूनच कळली. पुतण्याची मुंज ठरली, आमंत्रणांच्या यादीचे काम माझ्याकडे आले आणि ही सगळी मंडळी फोनमधून संगणकावर उतरवून घ्यावीत असे मी ठरवले. फोन बनवणाऱ्यांचा त्यासाठीचा प्रोग्राम संगणकावर होताच. तो उघडताच पडद्यावर चौकट आली: अमुक अमुक डीएलएल फाईल आपल्या संगणकावर सापडत नाही, प्रोग्राम पुन्हा बसवून पाहावा. त्या फाईलच्या नावात औषधालाही स्वर नव्हता.

डीएलएल ही काय चीज आहे, हे मला त्या दिवसापर्यंत जाणून घ्यावे लागले नव्हते. आपल्याला दिसणारा प्रोग्राम हा नुसता गादीवर बसलेला मालक असतो. फोनमधले नाव वाचणे, संगणकातल्या नावाशी ताडून पाहणे, कोणाला ठेवायचे आणि कोणाला गाळायचे हे ठरवणे, ही सगळी कामे आतल्या खोलीतला डीएलएल नावाचा हा कारभारी करतो. त्याच्यावर दोनदा टिचकी मारली तरी तो बाहेर येत नाही; मालकाने हाक मारली तरच स्मृतीत दाखल होतो आणि एकाच वेळी चार मालकांची चाकरीही करतो. मात्र तो जागेवर नसला, तर मालकाला उभेही राहता येत नाही.

शेजारच्या मुलाने शोध घेतला, तर फाईल संगणकातच निघाली. फाईल आहे आणि प्रोग्राम नाही म्हणतो, हे कोडे अखेर जेल रोडवरच्या दुकानात सुटले. तिथल्या कारागिराने चष्मा कपाळावर चढवला आणि निदान केले, “भिया, फाईल बत्तीसवाली है, प्रोग्राम चौंसठवाला. दोनों की बनेगी नहीं.” बत्तीस आणि चौसष्ट हे बिटांचे आकडे, म्हणजे संगणक एका दमात किती माहिती हाताळतो त्याचे माप. विंडोजच्या चौसष्ट बिटांच्या संगणकात चौसष्ट बिटांच्या सरकारी, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या, फायली ‘सिस्टिम३२’ नावाच्या फोल्डरमध्ये राहतात, आणि बत्तीस बिटांच्या फायली राहतात त्या फोल्डरच्या नावात मात्र ‘६४’ असते. जुन्या प्रोग्रामांनी ‘सिस्टिम३२’ हा पत्ता ठोकून लिहून ठेवलेला असल्यामुळे तो बदलता आला नाही, असे त्याचे समर्थन आहे. ज्या शहरात चौकाची नावे बदलूनही रिक्षावाले जुन्याच नावाने भाडे ठरवतात, तिथल्या माणसाने या समर्थनाला हसण्यात अर्थ नव्हता. शेजारच्या मुलाला ती एकच फाईल कुठूनतरी सुटी उतरवून घ्यायची होती. त्यावर कारागिराने कानाला हात लावले, कारण अशा सुट्या फायलींबरोबर आणखी काय घरात येईल याचा नेम नसतो. त्याने प्रोग्राम काढून चौसष्टवाल्या फाईलसकट नव्याने बसवला, पैसे घेतले आणि कारभारी कामावर रुजू झाला.

तो रुजू झाला नसता तर फार बरे झाले असते.

संपर्काच्या कार्डात, म्हणजे फोन ज्या साच्यात नाव-नंबर दुसऱ्या यंत्राला देतो त्या ‘व्हीकार्ड’मध्ये, आडनाव, नाव, मधले नाव, आधीची उपाधी आणि नंतरची उपाधी असे पाच कप्पे असतात. आलेले नाव त्यांत बसवण्याचा कारभाऱ्याचा नियम सोपा होता: शेवटचा शब्द म्हणजे आडनाव. त्यामुळे देवासचे नाना हे ‘श्री. नाना’ झाले, आणि यादी आडनावांप्रमाणे लागताच आमच्या कुळातल्या यच्चयावत काकू सलग एका रांगेत येऊन बसल्या. त्यांतल्या दोघी गेल्या दिवाळीपासून एकमेकींशी बोलत नाहीत, याची नोंद करायला कार्डात कप्पा नाही.

पुढे त्याने जुळणी आरंभली. एकच नंबर दोन कार्डांवर दिसला की ते एकच माणूस, हा त्याचा दुसरा नियम. आमच्या रामबागेच्या वाड्यात ०७३१ ने सुरू होणारा एकच जुना फोन आहे आणि तो आजोबा, मोठे काका, काकू, वरच्या मजल्यावरचे भाडेकरू आणि भाडेकरूंची शिकवणी या सर्वांच्या नावापुढे आहे. कारभाऱ्याने त्या सगळ्यांचा एक माणूस केला. चौघांच्या चार सुना ज्याला कंटाळून वेगळ्या झाल्या, ते एकत्र कुटुंब त्याने निमिषार्धात पुन्हा जुळवले. याउलट माझ्या सख्ख्या भावाचा नंबर एकदा शून्य लावून, एकदा +९१ लावून आणि एकदा नुसताच असल्यामुळे मला तीन भाऊ झाले.

आत्यांचे मात्र सर्वांत हाल झाले. संपर्क कार्डाची २.१ ही आवृत्ती १९९६ सालची. तिच्यात देवनागरी अक्षर सरळ न लिहिता सांकेतिक चिन्हांत लिहिण्याची पद्धत आहे. साधा ‘क’ तिथे ‘बरोबर-ई-शून्य, बरोबर-ए-चार, बरोबर-नऊ-पाच’ (बरोबर म्हणजे ‘=’ हे चिन्ह) असा नऊ चिन्हांचा होतो, काना-मात्रेचे आणखी नऊ-नऊ वेगळे, आणि ओळ ७६ चिन्हांची झाली की मोडून खाली घ्यावी लागते. १९९८ च्या तिसऱ्या आवृत्तीने हा जाच संपवला, पण आमचा फोन अजून २.१ च्याच अमलात होता आणि कारभाऱ्याला मोडलेली ओळ पुढे वाचण्याची सवय नव्हती. ओळीच्या आरंभीचा सरकारी मजकूरच निम्म्याहून अधिक जागा खाणारा, त्यामुळे ‘रामबागवाल्या आत्या’ यांतले ‘राम’ तेवढे संगणकावर पोचले. एखाद्या गोष्टीत राम उरला नाही, असे आपण म्हणतो. इथे रामच उरला, आत्या गेल्या.

मी ते नाव हाताने दुरुस्त केले, तेव्हा खाली त्यांची जन्मतारीख दिसली. आत्यांनी तारीख आणि महिना सांगितला होता, साल नाही. बायकांना साल विचारण्याची आमच्याकडे रीत नाही. ही तारीख आली होती माझ्या मुलीच्या आयफोनमधून, आणि त्या प्रकारच्या फोनमध्ये साल कोरे असले की आत गुपचूप १६०४ लिहितात. सोबत ‘हे साल दाखवू नये’ अशी चिठ्ठी असते. कारभाऱ्याने चिठ्ठी टाकून दिली आणि साल ठेवून घेतले. म्हणजे आत्या अकबराच्या अमदानीत जन्मल्या आणि मल्हारराव होळकरांहून एकोणनव्वद वर्षांनी वडील ठरल्या.

मुंजीचे आमंत्रण करायला गेलो तेव्हा मी त्यांना हे सांगितले. आत्या शाळेतून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या. त्यांनी अक्षता घेतल्या, पत्रिकेतल्या शुद्धलेखनाच्या चुका दाखवल्या आणि मग विचारले, “अरे, मग त्या तुझ्या यंत्राकडून तेवढा एक दाखला काढून दे ना. पेन्शनची थकबाकी कुठल्या सालापासून मागायची ते बघते.”