पाऊस कुठल्या फोल्डरमध्ये टाकू?

जुलैत कांदिवलीला खिडकीबाहेर फुकटचा पाऊस कोसळत असतो, हॉलमध्ये दोरीवरच्या कपड्यांना कुबट वास सुटलेला असतो, आणि त्याच हॉलच्या कोपऱ्यात बसून आपण स्कायरिम या कॉम्प्युटर गेममधला पाऊस नीट पडावा म्हणून घाम गाळत असतो. घरच्यांना हे समजावून सांगणं मी सोडून दिलंय. तक्रार साधी आहे. स्कायरिममध्ये पाऊस पडतो, पण कुणी भिजत नाही. व्हाइटरनच्या बाजारात धो धो सुरू असतो आणि भाजीवाली निवांत भाव सांगतेय, पहारेकरी जागचा हलत नाही, कुणी डोक्यावर पिशवीसुद्धा धरत नाही. दादरच्या पुलाखाली ज्याने कधी दाटीवाटीने उभं राहून पाऊस थांबायची वाट बघितली आहे, त्याला हे बघवत नाही. यावर मॉड आहे, म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवलेली, गेममध्ये बदल करणारी फाइल. तो टाकला की माणसं ओली दिसतात, आडोसा शोधतात. फाइल इतकीशी, वापरणारे खूश.

‘‘किती वेळ लागेल? जेवायला वाढायचंय,’’ आई विचारते.

‘‘दहा मिनिटं.’’

मॉड टाकणारा कुणीही हेच उत्तर देतो, आणि देताना त्याचा त्यावर खरोखर विश्वास असतो.

नेक्सस मॉड्स या मॉडच्या साइटवर डाउनलोडचं बटण दाबलं की मॉड हातात पडत नाही. आधी ‘सोबत हेही लागेल’ अशी यादी पुढे येते. पावसाच्या मॉडला सेटिंग्जचं पान हवं, ते स्काययूआय हा दुसरा मॉड देतो. स्काययूआयला हवं एसकेएसई, म्हणजे स्क्रिप्ट एक्स्टेंडर. मूळ गेमला जे जमत नाही ते त्याच्याकडून करून घेणारा प्रोग्राम. एसकेएसईवर चालणाऱ्या बहुतेक डीएलएलना, म्हणजे प्रोग्रामच्या जोडफायलींना, हवी ॲड्रेस लायब्ररी, आणि तिच्या फायली दोन: एक गेमच्या 1.5 व्हर्जनवाल्यांसाठी, एक 1.6 वाल्यांसाठी. शिवाय हवामानाचा दुसरा एखादा मॉड आधीच बसलेला असेल, तर दोघांचं पटावं म्हणून मधे एक पॅच. त्या पॅचला दोन्ही मॉडची ठरावीक व्हर्जन. त्यातलं एक कालच बदललेलं.

एसकेएसई बसवतानाच निम्मे लोक गळतात. डाउनलोड केलेली फाइल उघडली की आत गेम सुरू करणारा लोडर असतो, डीएलएल असते आणि एक डेटा नावाचा फोल्डर असतो. नवखा माणूस हे सगळं उचलून गेमच्या डेटा फोल्डरमध्ये कोंबतो, कारण बाकी सगळं तिथेच जातं. लोडर आणि डीएलएल जातात गेमची एक्झी, म्हणजे मुख्य प्रोग्राम, जिथे आहे तिथे. सापडत नसेल तर स्टीममध्ये, म्हणजे गेम जिथून घेतला त्या दुकानाच्या ॲपमध्ये, गेमवर राइट क्लिक, मॅनेज, ब्राउझ लोकल फाइल्स. डेटामधल्या स्क्रिप्ट तेवढ्या डेटामध्ये. आणि यापुढे स्टीमच्या हिरव्या प्ले बटणाला हात लावायचा नाही, गेम लोडरमधूनच उघडायचा. हिरवं बटण दाबलंत तर गेम सुरू होईल, छान चालेलही, फक्त एसकेएसईशिवाय. खात्री करायची तर एस्केपच्या खालच्या, लाटेचं चिन्ह असलेल्या कीने कन्सोल उघडून ‘गेटएसकेएसईव्हर्जन’ टाइप करायचं, मधे जागा न सोडता, इंग्रजी अक्षरांत. आकडा आला तर ठीक. काहीच न कळल्यासारखा संदेश आला तर बी विंगमधून माझ्याकडे माणूस येतो.

माणूस म्हणजे अकरावीतला मुलगा. सोसायटीत कुणाचा गेम बिघडला की त्याला माझ्याकडे पाठवतात. ‘‘दादा, मी काहीच नाही केलं, आपोआप बंद पडला,’’ हे त्याचं ठरलेलं वाक्य, आणि गंमत म्हणजे पुष्कळदा ते खरं असतं.

स्कायरिम आला 11 नोव्हेंबर 2011 ला. 28 ऑक्टोबर 2016 ला 64 बिटची स्पेशल एडिशन आली आणि जुनं एसकेएसई तिथे निरुपयोगी ठरलं. लोकांनी सगळं पुन्हा बांधलं. मग दहाव्या वाढदिवशी, 11 नोव्हेंबर 2021 ला, अपडेटने 1.5.97 चं 1.6 केलं आणि एसकेएसईवर टेकलेले मॉड आडवे झाले. डिसेंबर 2023 मध्ये आणखी एक हप्ता. कारण अगदी यांत्रिक आहे. एसकेएसई गेमच्या एक्झीमधल्या ठरावीक पत्त्यांवर जाऊन हात घालतं. एक्झी नव्याने कंपाइल झाली की आतलं सगळं सरकतं, आणि हात भलतीकडेच पडतो. ॲड्रेस लायब्ररी म्हणजे नव्या पत्त्यांची वही. पण ती वहीसुद्धा एक्झीच्या व्हर्जनला जुळणारी लागते, आणि 1.5 मधून 1.6 मध्ये जाताना तर वहीची पद्धतच बदलली. फॉलआउट 4 या गेमवाल्यांनी हेच 25 एप्रिल 2024 ला भोगलं. ‘फॉलआउट: लंडन’ हा अख्खं शहर उभारणारा मॉड त्याच आठवड्यात येणार होता, त्याला थांबावं लागलं आणि तो आला 25 जुलैला.

म्हणून पहिला प्रश्न ‘कुठला मॉड टाकलास’ हा नसतो, ‘व्हर्जन कुठलं’ हा असतो. एक्झीवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिटेल्स. तिथे 1.6.1170 दिसलं तर एसकेएसई नेमकं 1.6.1170 चं, जवळपासचं चालत नाही. गेम गॉग या दुसऱ्या दुकानातून घेतलेला असेल तर त्याचं एसकेएसई वेगळं. मग स्टीममध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमधे जाऊन ‘गेम उघडेन तेव्हाच अपडेट कर’ हा पर्याय निवडायचा. ज्यांचा यावरही भरवसा नाही ते स्टीमॲप्स फोल्डरमधली गेमची ॲपमॅनिफेस्ट फाइल, जिच्या नावात 489830 आहे ती, रीड-ओन्ली करून ठेवतात. भरवसा न ठेवणाऱ्यांत मीही आहे.

जागेचं बोलायचं तर गेम सी ड्राइव्हच्या प्रोग्राम फाइल्समध्ये नको. विंडोज त्या फोल्डरवर वॉचमनगिरी करतं आणि मॉडच्या साधनांना लिहू देत नाही. डी ड्राइव्हवर नवीन स्टीम लायब्ररी करायची, शक्यतो एसएसडीवर, आणि गेम तिकडे हलवायचा. डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हला जोडलेला असेल तर तेही तोडायचं; सेटिंगच्या आयएनआय फायली आणि सेव्ह तिथेच असतात, आणि आपण एक बदलतो तोवर ढगातून जुनी परत आलेली असते.

मॉड हाताने डेटामध्ये टाकणं हा गुन्हा नाही, पण काढताना कळत नाही की कुठली फाइल कुणाची. त्यासाठी मॉड मॅनेजर. व्होर्टेक्स सोपा आहे. तो फायलींच्या हार्डलिंक करतो, म्हणजे एकच फाइल दोन जागी दाखवतो, म्हणून त्याचा मॉड साठवायचा स्टेजिंग फोल्डर गेमच्याच ड्राइव्हवर लागतो. माझं मत मॉड ऑर्गनायझर 2 ला. तो गेमच्या फोल्डरला शिवतच नाही. प्रत्येक मॉड आपापल्या फोल्डरमध्ये राहतो आणि गेम सुरू होताना सगळे डेटामध्येच आहेत असा आभास गेमला देतो. त्यामुळे गेम मॉड ऑर्गनायझरमधून उघडला नाही तर गेमच्या लेखी एकही मॉड अस्तित्वात नाही. ‘‘दादा, चाळीस मॉड टाकले, एकही दिसत नाही.’’ डेस्कटॉपच्या आयकॉनवरून उघडलास ना? उघडलेला असतो.

खरी मारामारी क्रमाची. दोन मॉडनी एकाच गोष्टीला हात लावला, समजा एकच दुकानदारीण दोघांनी सुंदर केली, तर यादीत जो खाली तो जिंकतो. आपल्या हाडात भिनलेल्या लोकलच्या नियमाच्या हे थेट उलटं आहे. विरार गाडीत जो आधी घुसला त्याची खिडकी. इथे बोरिवलीला सगळ्यात शेवटी चढलेला येतो, खिडकीत बसलेला निमूट उठतो आणि कुणी ‘ओ भाऊ’सुद्धा म्हणत नाही. मुंबईकराला हे पचायला वेळ लागतो. त्यात मॉड ऑर्गनायझरमध्ये याद्या दोन. डावीकडची ठरवते की टेक्स्चर (वस्तूवरचं चित्र), मेश (वस्तूचा आकार), स्क्रिप्ट (काय कधी घडेल त्याच्या सूचना) अशा सुट्या फायली कुणाच्या चालणार. उजवीकडची ठरवते की ईएसपी, ईएसएम हे प्लगइन, म्हणजे गेमच्या नोंदी बदलणाऱ्या फायली, कुठल्या क्रमाने वाचले जाणार. लूट नावाचं साधन उजवी यादी लावून देतं. डावीला ते हातही लावत नाही. ‘लूट चालवलं तरी रस्ता तसाच दिसतोय’ याचं उत्तर एवढंच.

आसनक्षमता ठरलेली आहे: पूर्ण आकाराचे प्लगइन 254. हलके, म्हणजे ईएसएल खूण असलेले, मात्र सगळे मिळून एकाच क्रमांकाच्या जागेत 4096 मावतात. त्यामुळे छोटे पॅच हलके केलेले बरे. पण चालू सेव्हमध्ये वापरात असलेला प्लगइन मधेच हलका करायचा नाही. त्याचे आतले क्रमांक बदलतात आणि तुमच्या पेटीतली तलवार गायब होते.

गेम बिघडला की तो काय दाखवतो त्यावरून निदान करता येतं. मेनू यायच्या आत बंद पडला तर कुणाचा तरी मास्टर गहाळ आहे: पॅच टाकलाय, पण ज्याचा पॅच तो मॉडच नाही. उजव्या यादीत त्याच्यापुढे पिवळी खूण दिसते. ती बघायची असते, सजावट नाही. घोडा जांभळा झाला तर टेक्स्चर सापडत नाहीये. घोड्याच्या जागी लाल उद्गारचिन्ह आलं तर घोड्याचा मेशच नाही. सगळं गाव दोन्ही हात आडवे पसरून उभं असेल तर ॲनिमेशनचा मॉड टाकून नेमेसिस किंवा पँडोरा हे ॲनिमेशन गेमला जोडणारं साधन चालवायचं राहिलं. ॲनिमेशनचा प्रत्येक नवा मॉड आला की ते पुन्हा चालवावं लागतं. आणि बाईचा चेहरा काळा कुळकुळीत, गळ्याखाली मात्र गोरी, असं असेल तर तिच्यावर दोन मॉडनी हक्क सांगितलाय: प्लगइन एकाचा जिंकलाय आणि चेहऱ्याच्या फायली दुसऱ्याच्या. डाव्या आणि उजव्या यादीत तोच मॉड खाली आणायचा, चेहरा धुतला जातो.

यापलीकडचं काही असेल तर क्रॅश लॉगरचा मॉड टाकून ठेवायचा. तो डॉक्युमेंट्समधल्या गेमच्या एसकेएसई फोल्डरमध्ये लॉग लिहितो. लॉग लांबलचक असतो. वरच्या भागात एखाद्या डीएलएलचं किंवा मेशचं नाव पुन्हा पुन्हा दिसलं तर आधी त्याच्यावर संशय घ्यायचा.

मुलगा दुसऱ्यांदा येतो तो गेम अडखळतोय म्हणून. लॅमिंग्टन रोडवरून घेतलेलं ग्राफिक्स कार्ड 6 जीबीचं, स्क्रीन 1080 ची, आणि टेक्स्चर सगळी 4के. हिशेब सोपा आहे. 4के म्हणजे 4096 गुणिले 4096 पिक्सेल. बीसी7 या चित्र दाबून साठवायच्या पद्धतीत पिक्सेलला एक बाइट, म्हणजे 16 एमबी, आणि लांबून बघायच्या लहान प्रती धरून साधारण 21. हे एका चित्राचं. एका भिंतीला रंगाचं एक, उंचसखलपणाचं एक, अशी कमीत कमी दोन. 2के घेतलं तर चौथा हिस्सा. याने दारूच्या पिंपाला 4के लावलंय, बटाट्याच्या पोत्याला 4के लावलंय. 1920 पिक्सेल रुंदीच्या स्क्रीनवर ते पोतं पूर्ण दिसायला त्यात नाक खुपसावं लागेल. डोंगर, जमीन यांना 4के ठेव, बाकी 2के कर, पोतं मूळ गेममधलंच राहू दे, असं सांगितलं की तो पोत्याकडे असा बघतो की मलाच वाईट वाटतं.

इतर गेमचे नखरे वेगळे, पण कमी. विचर 3 मध्ये मॉड्स नावाचा फोल्डर स्वतः बनवायचा आणि आतल्या प्रत्येक फोल्डरच्या नावाची सुरुवात ‘मॉड’ अशीच हवी; नाही तर गेम ओळख दाखवत नाही. दोन मॉडनी एकच स्क्रिप्ट बदलली असेल तर दोन्ही बदल एकत्र करणारा स्क्रिप्ट मर्जर. 14 डिसेंबर 2022 च्या 4.0 अपडेटनंतरचा मॉड आहे ना, ते आधी पाहायचं. एल्डन रिंगमध्ये मॉड इंजिन 2 या साधनाने अँटीचीट, म्हणजे लबाडी पकडणारा पहारा, बाजूला ठेवून ऑफलाइन खेळायचं. मॉड टाकून ऑनलाइन जाण्याची हुशारी केली तर खातं बॅन होऊ शकतं. सीमलेस को-ऑप हा मॉड मित्राबरोबर खेळू देतो, पण त्याचे सेव्ह वेगळ्या एक्स्टेंशनचे असतात. ‘‘दादा, माझा कॅरेक्टर गेला!’’ गेला नाही, शेजारच्या फाइलमध्ये आहे.

मधेच रस्ता खणून कुणीतरी इंटरनेटची केबल तोडतं. तेव्हा विंगमधल्या यच्चयावत मॉडच्या रीडमी वाचल्या जातात.

एक गोष्ट मात्र मी कुणाला करू देत नाही: स्क्रिप्टवाला मॉड अर्ध्या खेळात काढणं. मॉड यादीतून जातो, पण त्याच्या चालू स्क्रिप्ट सेव्हमध्ये शिजून बसलेल्या असतात. गेम त्या धुंडाळत राहतो, सेव्ह फुगतो, आणि कधीतरी कुठल्यातरी दारातून आत जाताना मान टाकतो. सेव्ह साफ करायची साधनं आहेत, पण त्यांच्यावर विसंबू नये. मॉड टाकायच्या आधीचा सेव्ह असेल तर तिथे मागे जायचं. नसेल तर नवा गेम.

मुलाने नेमकं हेच केलेलं असतं. पाऊस फार वाटला म्हणून काढून टाकला. लेव्हल 43, घर, बायको, दत्तक मुलं सगळं त्या एका सेव्हमध्ये. मी ‘नवा गेम’ म्हणतो तसा तो गप्प होतो. आतून आई त्याच्यासाठीही कांदाभजी पाठवते. तो एक भजी खातो, दुसरं घेतो, स्क्रीनकडे बघतो.

‘‘दादा, नाहीतरी पहिल्यापासूनच सुरू करायचंय ना? मग अजून थोडे टाकू?’’

‘‘कुठले?’’ मी खुर्ची पुढे ओढतो.