‘बाळा’ म्हणणाऱ्या काकांना उत्तर : डब्ल्यूएसएमच्या लेखाबद्दल

काका, (तुम्ही मला ‘बाळा’ म्हणालात म्हणून काका म्हणतोय, नाहीतर मी पण ४७ चा आहे, जिना चढताना गुडघे आवाज करतात)

ज्यांनी काकांची प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. नॅशव्हिलच्या डब्ल्यूएसएम या रेडिओ स्टेशनबद्दल मी लेख टाकला, त्यात म्हणे टॉवरची उंची चुकली, हे स्टेशन जन्मापासून कंट्री म्युझिकचं (अमेरिकेतल्या ग्रामीण वळणाच्या गाण्यांचं) नव्हतं हे मी लपवलं, हार्मोनिकावादक डीफोर्ड बेलींना एका ओळीत गुंडाळलं, आणि शेवटी हे वाक्य : "चार दिवस अमेरिकेत राहून कोणी कंट्रीचा जाणकार होत नसतो, बाळा."

उंचीचं मान्य. मी ८७८ फूट लिहिलं, आता तो ८०८ फूट आहे. १९३२ ला उभा केला तेव्हा ८७८ च होता, पण त्या उंचीमुळे लांबच्या भागात सिग्नल स्वतःलाच मारक ठरत होता म्हणून १९३९ ला कमी केला. म्हणजे माझा आकडा चूक नव्हता, जुना होता. तरी चूक ती चूक, दुरुस्त करतो, मला त्यात कमीपणा वाटत नाही.

पण ‘चार दिवस’? काका, मी २०१२ पासून इथे आहे. नॅशव्हिलजवळच्या ब्रेंटवुडचा तो टॉवर, दोन्ही टोकांना निमुळता आणि मध्ये फुगलेला, पतंगाच्या आकाराचा, मला आय-६५ हायवेवरून ऑफिसला जाता-येता रोज दिसतो. आणि रेडिओ तर मला अमेरिकेने शिकवलेलाच नाही. मिरजेला आमच्याकडे मर्फीचा रेडिओ होता, आजोबा रात्री जेवणं झाली की मीडियम वेव्हचा काटा केसभर केसभर सरकवत बसायचे, कुठलं तरी लांबचं स्टेशन लागायचं, खरखर, मग गाणं, मग परत खरखर, आणि आज्जी म्हणायची झोपू द्या हो पोराला. रात्री मीडियम वेव्हच्या लहरी वरच्या वातावरणावर आदळून लांब जाऊन पडतात हे मला शाळेत कळायच्या आधी त्या रेडिओने कळलं. त्यामुळे ६५० किलोहर्ट्झवर ५०,००० वॉटचं स्टेशन रात्री किती राज्यांत ऐकू जात असेल हे मला कुणी समजावून सांगायची गरज नाही.

पहिल्या हिवाळ्यात मी सेकंडहँड गाडी घेतली होती, सीडी प्लेअर मेलेला, ब्लूटूथ नव्हतंच. शनिवारी लुईव्हिलच्या क्लायंटचं काम उरकून परत येत होतो, बाहेर मिट्ट काळोख, घरी फोन करावा तर तिकडे रविवारची सकाळ, सगळे आपापल्या कामात. बटण फिरवता फिरवता ६५० ला फिडल (म्हणजे आपलं व्हायोलिन) लागलं, मग टाळ्या, मग पिठाची जाहिरात, मग परत फिडल. ती ओप्री होती, म्हणजे डब्ल्यूएसएमचा शनिवार रात्रीचा कंट्री गाण्यांचा कार्यक्रम, आणि लाइव्ह होती. मला शब्द अर्धेच कळत होते पण घर येईपर्यंत बटणाला हात लावला नाही. त्यानंतर शनिवार चुकवले असतील ते बोटावर मोजण्याइतके. बायको कंटाळते, मुलगी हेडफोन घालते. आता हे जाणकारीत धरायचं का नाही ते तुम्ही ठरवा, पण चार दिवस म्हणू नका. आणि मी लेखात स्वतःला जाणकार म्हटलेलंच नाहीये! शोधून दाखवा.

आता राहिलं ते ‘जन्मापासून कंट्री नव्हतं’. अहो पण मी लपवलं कुठे, तिसऱ्या परिच्छेदात ‘इतर कार्यक्रमही होत’ असं स्वच्छ लिहिलंय. ५ ऑक्टोबर १९२५ ला एका इन्शुरन्स कंपनीने हे स्टेशन सुरू केलं, नाव त्यांच्या घोषवाक्यावरून, ‘वी शील्ड मिलियन्स’, आणि कंपनीला सभ्य ऑर्केस्ट्रा हवा होता, तो होताही, एनबीसी या देशभरच्या रेडिओ नेटवर्कचे कार्यक्रम होते, दिवसभर कंट्री वाजवायला तर पुढे बरीच वर्षं गेली. पण लोकांनी डोक्यावर काय घेतलं? २८ नोव्हेंबरला स्टेशनचे निवेदक जॉर्ज हे यांनी ७७ वर्षांच्या फिडलवादक अंकल जिमी थॉम्पसनना माइकसमोर बसवलं ते. आमच्याकडे पण आकाशवाणीवर दिवसभर बाजारभाव आणि बातम्याच असायच्या, तरी आज्जी रेडिओ म्हणजे ‘आपली आवड’ असंच समजायची. तिला जाऊन सांगता का, आज्जी, आकडेवारी तसं म्हणत नाही?

उलट नावाचा किस्साच बघा. १९२७ मध्ये एनबीसीवरून शास्त्रीय संगीताचा कार्यक्रम संपला, आणि जॉर्ज हे यांनी सांगितलं की इतका वेळ ग्रँड ऑपेरा ऐकलात, आता ‘ग्रँड ओल ओप्री’ ऐका, आणि बेलींनी हार्मोनिकावर आख्खी आगगाडी वाजवली. म्हणजे स्टेशनची ओळख त्या क्षणी ठरली. (हो, आधी शास्त्रीयच चालू होतं, माहितीये, लगेच त्यावर लिहू नका.) आणि १९५७ ते ७२ राल्फ एमरी रात्रभर ट्रकवाल्यांसाठी रेकॉर्ड लावायचे, गायक मंडळी सहज स्टुडिओत येऊन बसायची, ते काय डान्स ऑर्केस्ट्रा ऐकायला? २००२ च्या सुरुवातीला जुनं कंट्री बंद करून तिथे खेळांच्या गप्पा आणायचं चाललं होतं तेव्हा श्रोत्यांनी इतका ओरडा केला की बेत सोडावा लागला. ऑर्केस्ट्रा गेला तेव्हा कोणी ओरडल्याचं माझ्या तरी वाचनात नाही.

बेलींबद्दल : ओप्रीच्या सुरुवातीच्या सगळ्यात लाडक्या कलाकारांपैकी एक, कृष्णवर्णीय, १९४१ ला काढून टाकले गेले, नंतर नॅशव्हिलमध्येच बूटपॉलिशचं दुकान चालवलं, १९८२ ला गेले, आणि कंट्री म्युझिक हॉल ऑफ फेममध्ये नाव लागलं २००५ ला. हे सगळं मला माहीत होतं. लेख स्टेशनच्या कार्यक्रमांवर होता, त्यात ते बसत नव्हतं म्हणून एक ओळ. वेळ मिळाला की वेगळं लिहीन, त्यावर आत्ता वाद नको.

तुम्ही ७० च्या दशकात इथे आलात, रायमनला, ओप्रीच्या जुन्या सभागृहात, जुन्या बाकांवर बसून ओप्री बघितलीत, म्हणता, छान आहे, मला खरंच हेवा वाटतो. पण मग त्याबद्दल चार ओळी लिहिल्या असत्यात तर सगळ्यांनी वाचल्या असत्या. तुम्ही लिहिलंत काय तर ‘बाळा’.

टॉवरची उंची आज दुपारीच दुरुस्त केलीये. तुमची प्रतिक्रिया उडवलेली नाही, तशीच ठेवलीये, लोकांना पण वाचू दे.