बसा, गरम गरम वाढते

शेळीच्या चीजचं गरम सॅलड हा फ्रान्समध्ये कोपऱ्यावरच्या साध्या खानावळीतसुद्धा मिळणारा पदार्थ. अवघड त्यात काही नाही. पानं धुवायची, पावाच्या कापांवर चीजच्या चकत्या ठेवायच्या, ओव्हनच्या ग्रिलखाली पाच-सात मिनिटं भाजायच्या, पानांवर मांडायच्या आणि लगेच खायचं. सगळी गोम त्या 'लगेच'मध्ये आहे. चीज निवलं की त्याची मजा गेली, आणि गरम पावाखाली ताटकळलेली पानं बघता बघता माना टाकतात. थोडक्यात, हा पदार्थ जेवायला हाक मारल्यावर येणाऱ्या लोकांचा आहे.

आमच्याकडे "पानं घेतली" ऐकू आलं की बाबा आंघोळीला जातात.

आई-बाबा उन्हाळ्यात आमच्याकडे, फ्रान्समधल्या तूर शहरात, आले होते. लोआर नदीकाठचा हा सगळा मुलूख शेळीच्या चीजचा. जवळच्याच सँत-मोरचं चीज तर मोठं खानदानी: 'सँत-मोर द तुरेन' या नावाला 1990पासून कायद्याचं संरक्षण आहे. वीतभर लांबीची कांडी, अंगाला लाकडी कोळशाची राख आणि आत आरपार राय धान्याची काडी. ओली कांडी मोडू नये म्हणून ती घालतात, आणि तिच्यावर चीज करणाऱ्याची ओळख कोरलेली असते.

हे सगळं मी आईला सांगणारच होतो. पण मी दुकानातून आणलेल्या पालेभाजीची पिशवी रिकामी करेपर्यंत तिने ते चीज नळाखाली धरलं होतं.

"अरे, राखेत पडलं होतं की काय हे? आणि आत ही बघ काडी निघाली. पावती आहे ना? परत देऊन ये."

मी इतिहास सांगितला. तिने शांतपणे ऐकला. तिचं माहेर संगमनेरचं. दारात शेळ्या बांधलेल्या घरात ती वाढली. शेळीचं दूध लहान पोरांना आणि आजाऱ्यांना द्यायचं असतं, त्याला पाहुण्यांपुढे मांडायचं नसतं, असं तिचं ठाम मत.

मग ओव्हनच्या काचेसमोर बाबा खुर्ची टाकून बसले. "वितळत नाहीये," त्यांनी दर मिनिटाला कळवलं. ते वितळत नसतंच. हे चीज म्हणजे चक्क्याचं चुलत भावंड: दूध सावकाश आंबवून घट्ट केलेलं. त्यामुळे ते मऊ होतं, वरून तांबूस होतं, पण पिझ्झ्यासारख्या तारा सुटत नाहीत. बाबांना तारा हव्या होत्या.

पुढचा अडथळा मधाचा. चकत्यांवर मध घालून भाजायचा हे कळल्यावर बाबा खुर्चीतून उठले. गरम केलेला मध म्हणजे विष, हे त्यांना त्यांच्या वैद्यांनी सांगितलं होतं. मध वरून घालायचा असा तह झाला. एक भाग व्हिनेगर, तीन भाग तेल आणि मोहरीची पेस्ट घोटून मी ड्रेसिंग केलं. ते चाखून आई म्हणाली, "मोहरी आहे, तेल आहे, मग तडतडवलीस का नाही?"

तेवढ्यात चकत्यांना रंग आला. मी ओरडलो, "चला, लगेच बसा!" बाबा रक्तदाबाची गोळी शोधायला गेले. बायकोचा फोन वाजला. मुलगा "आलो" म्हणाला, म्हणजे आला नाही. आणि आई ओट्यापाशी कपडा घेऊन उभी.

"आई, तू बस ना!"

"तुम्ही बसा रे. मी गरम गरम वाढते."

अख्ख्या फ्रान्सला सुचलं नसेल, ते तिने तिथे उभ्या उभ्या केलं. कच्चे काप बाजूला ठेवून दोन-दोन ग्रिलखाली सरकवायला लागली. जो येऊन टेकेल त्याच्या ताटात एक, पोळी टाकावी तसा. बाबा गोळी घेऊन आले, त्यांना गरम. बायको फोन संपवून आली, तिलाही गरम. बाबांनी चार खाल्ले, चौथ्यावर मध मागून घेतला आणि तारांचा विषय पुन्हा काढला नाही. सगळ्यांना पुरेल म्हणून आणलेली ती कांडी पहिल्या पंगतीतच संपली. आईने स्वतः शेवटचा काप लिंबाच्या लोणच्याबरोबर उभ्यानेच खाल्ला आणि "वास येतो, पण बरं आहे" असा शेरा दिला.

मधोमध ठेवलेल्या वाडग्यातल्या पानांना, आक्रोडांना आणि माझ्या ड्रेसिंगला कोणी हात लावला नव्हता. आक्रोड मुलाने वेचून खाल्ले.

"आणि हा पाला?" बाबांनी विचारलं.

"राहू दे," आई म्हणाली. "संध्याकाळी पीठ पेरते."