दुर्बिणीतलं हरीण: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. माझ्या लेखावर सविस्तर लिहिलंत, आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: पडद्यावर शिकारीतल्या अपघाताची पुनर्निर्मिती शिकाऱ्याच्या नजरेतून दाखवली नाही, तर त्याची चूक प्रेक्षकाला कळणारच नाही, तो सरळ खुनी वाटेल. शिवाय, अमेरिकेतल्या मेन राज्यातल्या खटल्यात निर्दोष सुटलेल्या माणसाला मी पुन्हा पिंजऱ्यात उभं करतोय.

पुनर्निर्मितीला माझा विरोध नाहीच. खटकतो तो एकच शॉट. दुर्बिणीच्या गोलात हरीण दिसतं, चाप ओढला जातो आणि मग तिथे माणूस पडलेला. हरीण दिसलं, हा शिकाऱ्याचा जबाब झाला. कॅमेऱ्यासमोर खरंखुरं हरीण उभं केलंत की तो जबाब बसल्याजागी पुरावा होतो. (वर संगीत असतंच.)

मेनचं प्रकरण मी त्यासाठीच घेतलं होतं. नोव्हेंबर 1988, हरणांच्या शिकारीचा हंगाम. एक बाई स्वतःच्या घरामागे होती, हातात पांढरे हातमोजे. रायफलची गोळी लागून ती गेली. शिकाऱ्याने हरीण पाहिल्याचं सांगितलं. तिकडच्या हरणाची शेपटी खालून पांढरीशुभ्र असते. 1990 मध्ये ज्यूरीने त्याला सदोष मनुष्यवधाच्या आरोपातून सोडलं. त्या निकालाबद्दल मला वाद घालायचा नाही. पण लोक बोलत काय होते? तिने पांढरे हातमोजे घातलेच कशाला, शिकारीच्या हंगामात दुरून दिसावं म्हणून घालतात तसलं भडक नारिंगी का नाही घातलं! आता यात ते हरीण पडद्यावर आणून बघा. असल्या बोलण्याला आयतीच साक्ष मिळते.

मग चूक समजावायची कशी? तोच महिना, तीच वेळ, तेवढंच अंतर. पानं गळलेल्या झाडीत पांढरे हातमोजे घातलेला माणूस उभा करा आणि कॅमेरा हलवू नका. काय दिसतंय ते प्रेक्षकाला डोळे ताणून शोधू दे. हरणासाठी टपून बसलेल्याला हलणारं पांढरं काहीही हरीण वाटू शकतं, हे त्यातूनही पोचेल. तुम्हाला हवी ती सहानुभूतीसुद्धा. फक्त नंतर त्याच चौकटीत मागची घरंही येऊ द्या.

खटल्यानंतर त्या राज्याने कायदा केला: नुसत्या हालचालीवरून, आवाजावरून किंवा रंगावरून सावज ओळखायचं नाही, डोकं आणि धड जवळपास विनाअडथळा दिसल्याशिवाय गोळी झाडायची नाही. तुम्ही म्हणता त्या शॉटमध्ये डोकं आणि धड दोन्ही स्वच्छ दिसतात. हरणाचं.