बँकेतून आलेला आमदार हवा, पण बँक सोडून आलेला

नाशिकमध्ये विधानसभेचे वारे वाहू लागले की एक वाक्य हमखास कानावर पडतं. "माणूस बँकेतला आहे, त्याला पैशाचं कळतं." जिल्ह्यात १५ मतदारसंघ आहेत, आणि इच्छुकांच्या यादीत जिल्हा बँकेचा, एखाद्या नागरी बँकेचा नाहीतर पतसंस्थेचा आजी-माजी संचालक नाही असं क्वचितच घडतं. मी स्वतः एका सहकारी बँकेत वसुली विभागात नोकरी केली आणि तिथूनच निवृत्त झाले. त्यामुळे हे वाक्य मला अर्धं पटतं आणि अर्ध्याला माझा ठाम विरोध आहे.

पटतं ते आधी सांगते. आमदारकीसाठी सहकारी बँकेइतकी चांगली शाळा नाही, असं मी मनापासून मानते. रविवार कारंजावरचा भाजीवाला रोज पिग्मीत, म्हणजे दारावर गोळा होणाऱ्या रोजच्या बचतीत, किती टाकतो आणि कोणत्या महिन्यात त्याचा हात आखडतो, हे पिग्मी एजंटाला विचारावं लागत नाही. पिंपळगाव-दिंडोरीकडचा द्राक्ष बागायतदार ऑक्टोबर छाटणीला कर्ज उचलतो आणि पैसा बघतो तो माल निघाल्यावर. नेमकं त्याच दिवसांत गारपीट होते, आणि त्याच दिवसांत बँकेत मार्चअखेरची धावपळ असते. लासलगावला कांद्याचा भाव पडला की पंधरवड्यात निफाड-येवल्याच्या शाखांमध्ये हप्ते थांबायला लागतात. हे ज्यानं खातेउताऱ्यावर वर्षानुवर्षं पाहिलंय, त्याला सभागृहात शेतीवर बोलायला कुणी टिपण लिहून द्यावं लागत नाही.

कायद्याचंही तसंच. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मधलं कलम १०१ म्हणजे काय, हे वकिलापेक्षा वसुली अधिकारी आणि जामीनदार जास्त चांगलं सांगतील. कोर्टात दावा न लावता सहकार निबंधक कार्यालयातून वसुलीचा दाखला मिळतो, मग जप्ती, मग लिलाव. त्या कागदाच्या एका टोकाला ठेवीदाराचा पैसा असतो आणि दुसऱ्या टोकाला कुणाचा तरी ट्रॅक्टर. दोन्ही टोकं पाहिलेला माणूस कायदा करायला बसला तर मला आनंदच आहे.

आणि हे घडलेलं आहे. वैकुंठभाई मेहता मुंबईच्या प्रांतिक सहकारी बँकेत तीन दशकांहून जास्त काळ होते. १९४६ मध्ये बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळात त्यांच्याकडे अर्थ आणि सहकार ही खाती आली. आपल्या शेजारी प्रवरेला विठ्ठलराव विखे पाटलांनी कारखाना उभा करायला घेतला, तेव्हा त्यांच्यामागे अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ जसे उभे राहिले तसे मंत्री म्हणून वैकुंठभाईही. शेतकऱ्यांनी भागभांडवल जमवून कारखाना काढायचा, ही गोष्ट त्या काळी अनेकांना वेडेपणाची वाटत होती. बँकेत आयुष्य घालवलेल्या माणसाला ती वेडेपणाची वाटली नाही, कारण छोटा माणूस पैसे कसे जमवतो आणि कसे फेडतो हे त्यानं पाहिलं होतं. बँकेच्या अनुभवाचा राज्याला उपयोग होतो म्हणतात तो हा.

आता विरोध कशाला, ते.

सहकारी बँकेत कर्ज घ्यायचं तर सभासद व्हावं लागतं. कर्जाच्या प्रमाणात शेअर्स घ्यावे लागतात, तारणी कर्जाला साधारण अडीच टक्के आणि विनातारणीला पाच. सभासद झाला की मत आलं. ठेवीदाराला मात्र सभासद असल्याशिवाय मत नाही. निवृत्तीचे सगळे पैसे मुदत ठेवीत टाकणाऱ्या शिक्षिकेला त्या बँकेत अवाक्षर बोलायचा अधिकार नसतो, आणि थकबाकीच्या उंबरठ्यावर असलेला कर्जदार संचालक निवडतो. जो वसूल करणार, त्याला निवडणार तोच ज्याच्याकडून वसूल करायचंय. हा सहकाराचा मूळचा नाजूक सांधा आहे. जुन्या लोकांनी तो शिस्तीनं आणि लोकलाजेनं सांभाळला.

आता त्याच चेअरमनला विधानसभेचं तिकीट द्या. कर्जदाराचं मत त्याला दोनदा लागतं, एकदा बँकेच्या पेटीत आणि एकदा मतदान केंद्रावर. अशा माणसाच्या बँकेत निवडणुकीच्या वर्षी वसुली होत नाही. मी हे वाचून सांगत नाही. जप्तीची यादी तयार असायची, गाडी सांगितलेली असायची, आणि सकाळी वरून निरोप यायचा, "ताई, आचारसंहिता संपू द्या." आचारसंहिता संपेपर्यंत तारण हललेलं असायचं. पुढच्या वर्षी तेच खातं एनपीएच्या, म्हणजे थकलेल्या कर्जांच्या यादीत, आणि वार्षिक सभेत खडे बोल कुणाला, तर वसुली विभागाला.

जिल्हा बँकेत गुंता आणखी घट्ट. तिथे शेतकरी थेट मत देत नाही. गावची विकास सोसायटी ठराव करते, ज्याच्या नावाचा ठराव तो मतदार. एका तालुक्यात असे मतदार किती, तर तालुक्यातल्या सोसायट्या मोजा, तेवढेच. म्हणून ठरावाचं राजकारण, म्हणून मतदार सहलीला. पण ज्याच्या हातात हे ठराव येतात, त्याच्या हातात सोसायट्यांचं कामकाज बघणारे गावोगावचे गटसचिव आणि सोसायटीचे चेअरमन येतात, आणि विधानसभेला याहून तयार यंत्रणा कोणत्याही पक्षाकडे नसते. जिल्हा बँकेतून आमदारकी हा रस्ता महाराष्ट्रात इतका रुळला, त्याचं कारण हे आहे. अजित पवार १९९१ मध्ये पुणे जिल्हा बँकेचे अध्यक्ष झाले, त्याच वर्षी आधी खासदार आणि मग आमदारही झाले. बँकेचं अध्यक्षपद पुढे १६ वर्षं त्यांच्याकडे राहिलं, मंत्रिपदाच्या काळातही. त्या पिढीत हे कुणाला वावगं वाटत नव्हतं. मला वाटतं.

कारण या रिवाजाची किंमत आपण मोजली आहे. मे २०११ मध्ये राज्य सहकारी बँकेचं संचालक मंडळ बरखास्त झालं, त्यात एकाच पक्षाची माणसं नव्हती. नाशिक जिल्हा बँकेचं तर घरचं दुखणं. नोटाबंदीत १४ नोव्हेंबर २०१६ ला जिल्हा बँकांना जुन्या नोटा घ्यायला बंदी झाली आणि तोवर जमलेल्या ३०० कोटी रुपयांहून जास्त किमतीच्या नोटा बँकेत पडून राहिल्या. तो घाव बाहेरून आला, हे मान्य करायलाच हवं. पण ज्या बँकेची वसुली धड असते ती असा घाव सोसते. इथे २०१७ मध्ये शिक्षकांचे पगार अडकले, पीककर्जाला पैसा उरला नाही आणि डिसेंबरअखेर मंडळ बरखास्तीचा आदेश निघाला. नंतर वसुलीला लागले तेव्हा ट्रॅक्टर लिलावाला निघाले ते लहान खातेदारांचे. निफाड आणि पळसेच्या साखर कारखान्यांची थकबाकी मात्र वर्षानुवर्षं तशीच होती. गावातल्या माणसाला हा फरक दिसतो, आणि मग तो म्हणतो, मीच का भरू? त्याला उत्तर द्यायला मला कधीच जमलं नाही.

रिझर्व्ह बँकेनं काहीच केलं नाही असं नाही. नागरी बँकांमध्ये संचालकांना आणि त्यांच्या नातेवाइकांना कर्ज देण्यावर ऑक्टोबर २००३ पासून बंदी आहे. जून २०२१ मध्ये आदेश आला की खासदार, आमदार, नगरसेवक नागरी सहकारी बँकेचे व्यवस्थापकीय संचालक किंवा पूर्णवेळ संचालक होऊ शकत नाहीत. छान. पण चेअरमनपद त्यात आलं नाही, आणि फोन चेअरमनचाच येतो. संचालकाला सलग किती वर्षं राहता येईल याची मर्यादा ८ वर्षांची होती, ती ऑगस्ट २०२५ पासून १० झाली. मला ती आठच राहायला हवी होती.

बाकीचं काम मुंबईत विधान भवनात व्हायचं आहे. बँकिंग केंद्राचा विषय, पण सहकारी संस्था हा राज्यसूचीतला विषय. ९७ व्या घटनादुरुस्तीनं त्यात केंद्राचा हात शिरला होता, तो सर्वोच्च न्यायालयानं जुलै २०२१ मध्ये राज्यांतर्गत संस्थांपुरता बाहेर काढला. म्हणजे संचालक कसा निवडायचा, ठेवीदाराला मंडळावर जागा द्यायची का, हे ठरवणारे आपलेच आमदार. कलम ८८ घ्या. संचालकांच्या चुकीनं नुकसान झालं तर ते त्यांच्याकडून वसूल करायची सोय त्यात आहे. पण त्यावरचं अपील शासनाकडे, म्हणजे व्यवहारात मंत्र्यांकडे जाऊ शकतं, आणि स्थगिती मिळाली की फाइल झोपते. राजकीय माणसाचा निवाडा राजकीय माणसाकडे. बँकेतून आलेल्या आमदारानं हे अपील न्यायाधिकरणाकडे द्या असं अशासकीय विधेयक आणावं, मी त्याच्या प्रचाराला उन्हात फिरेन. अजून तरी तशी वेळ आलेली नाही.

माझं मागणं एवढंच आहे की ज्या दिवशी उमेदवारी अर्ज भरायचा, त्याच्या आधी बँकेच्या मंडळाचा राजीनामा द्यायचा. मुलाला, बायकोला, भावाला त्या खुर्चीवर बसवायचं नाही. बँकेचा अनुभव घेऊन जा, बँक इथेच ठेवा. काही जण म्हणतील, मग चांगली माणसं बँकेत येणारच नाहीत. येतील. आमच्याकडे अनेक वर्षं एक सेवानिवृत्त मुख्याध्यापक संचालक होते, स्वतःच्या भाच्याचं कर्ज प्रकरण नामंजूर करून आले आणि चहासुद्धा घेतला नाही. त्यांना आमदार व्हायचं नव्हतं.

तोवर आपल्या हातात काय आहे? ठेव एका बँकेत ५ लाखांच्या वर ठेवू नका, विमा व्याज धरून तेवढ्यालाच आहे. २०२२ मध्ये नाशिकच्याच इंडिपेंडन्स बँकेचा परवाना रद्द झाला तेव्हा बहुतेकांना आधार या विम्याचाच होता. आणि सभासद असाल तर ३० सप्टेंबरच्या आत तुमच्या बँकेची वार्षिक सभा होणार. अहवाल आधी मागून घ्या. नफा आणि लाभांश सुरुवातीच्या पानांवर असतात, ते सगळेच वाचतात. तुम्ही एनपीए, सर्वांत मोठे थकबाकीदार आणि लेखापरीक्षणातले दोष कुठे दिलेत ते शोधा, आणि हात वर करून विचारा. तुमच्या मतदारसंघातला इच्छुक व्यासपीठावर बसलेला असेल तर प्रश्न त्याच्याकडे बघून विचारा, आणि उत्तर इतिवृत्तात लिहून घ्यायला सांगा.